ल्हामोताईच्या आईकडे

स्वित्झर्लंडहून परतल्यावर सुरतेतल्या उधन्याच्या आमच्या शाळेत मधल्या सुट्टीत सगळ्या शिक्षिका माझ्याभोवती जमल्या. "बर्फ पाहिलंत का?" हा पहिला प्रश्न. पाहिलं, पण लांबून; डोंगरमाथ्यावर कुणी धोतरं वाळत घातल्यासारखं. "आणि त्या सिनेमातल्या जागा?" त्या नाही पाहिल्या. "मग महिनाभर केलंत तरी काय, बाई?" मी म्हटलं, मोमो वळले. सगळ्या हसल्या आणि घंटा झाली. ते उत्तर तेव्हा अर्धवट राहिलं. आता नोकरी संपली आहे, घंटेची घाई नाही, म्हणून सावकाश सांगते.

उधना

गोष्ट १९९५च्या उन्हाळ्यातली, पण तिची सुरुवात आधीच्या हिवाळ्यात झाली. त्या वर्षी गणपती गेले आणि सुरतेत प्लेग आला. अर्धं शहर मिळेल त्या गाडीला लटकून पळालं. आम्हीही मुलांना घेऊन जळगाव गाठलं. तिथे माझ्या सख्ख्या मावशीने आम्हाला ओसरीवरच चहा दिला, आणि नंतर ते कप उचलायला कुणी आलंच नाही. शेवटी मीच ते विसळून पालथे घातले. मावशी वाईट नव्हती. भ्यायली होती.

दिवाळीनंतर परत आलो तर गल्ली ओस पडलेली. आमच्या खालच्या खोलीचं दार मात्र उघडं होतं आणि आतून कसल्याशा धुपाचा वास येत होता. ल्हामोताई आली होती. दर हिवाळ्यात ती कर्नाटकातल्या मुंडगोडच्या तिबेटी वसाहतीतून स्वेटर विकायला सुरतेला येई आणि ती खोली भाड्याने घेई. चौकात तिबेटी बायकांची रांग असे. गिऱ्हाइकांना वाटे की ह्या बायका डोंगरात बसून स्वेटर विणतात. सगळा माल लुधियानाचा असे, आणि कुणी विचारलंच तर ती तसं सरळ सांगूनही टाके. गुजराती शेजारणी तिला 'लामोबेन' म्हणत, आम्ही 'ल्हामोताई'. त्या वर्षी तिच्या बाकीच्या मैत्रिणी बडोद्याकडे वळल्या होत्या.

"तुला नाही भीती वाटली?" मी विचारलं.

"हर साल आता है, वहिनी. इस साल क्यों नहीं आयेगा?" ती म्हणाली. तिच्या हिंदीत सगळी माणसं पुरुषच असत, ती स्वतःसुद्धा.

त्या ओसाड हिवाळ्यात आमची खरी ओळख झाली. माझे यजमान सुरतेजवळच्या सचिन गावातल्या एका विणकाम कारखान्यात वीव्हिंग मास्टर. मालकांनी नवे माग मागवले होते आणि ते चालवायला शिकण्यासाठी ह्यांना जानेवारीत सहा महिने स्वित्झर्लंडला पाठवलं. उन्हाळ्याच्या सुट्टीत मी तिकडे जायचं ठरलं. माझा पासपोर्ट घरी आला त्या दिवशी मी तो कौतुकाने ल्हामोताईला दाखवायला खाली गेले. तिने हात पुसले, निळं पुस्तक दोन्ही हातांत घेऊन पाहिलं, आणि ट्रंकेतून आपलं एक पुस्तक काढलं. ते पिवळं होतं.

"ये पासपोर्ट नहीं है," ती म्हणाली. "पासपोर्ट देश का होता है."

तिच्यासारख्या निर्वासित तिबेट्यांना भारत सरकार हे ओळखीचं पुस्तक देतं. त्यावर परदेशी जाता येतं, पण बाहेर पडायला वेगळी परवानगी लागते, आणि परत येऊ देण्यास हरकत नाही असा वेगळा शिक्काही लागतो. मी चकित झाले. परतीची परवानगी आधी मागून मग घराबाहेर पडायचं, हे मला नवीन होतं. हे सगळं जमवायला तिला दोन वर्षं लागली होती. आता फक्त व्हिसा यायचा होता. तिची आई स्वित्झर्लंडमध्ये होती. लहानपणापासून तिने आईला पाहिलं नव्हतं.

एप्रिलमध्ये व्हिसा आला. आम्ही दोघी एकाच विमानाने जायचं ठरवलं, आणि ती मुंडगोडहून पुन्हा सुरतेला आली. मी तिला धीर द्यायला निघाले होते असं मी सगळ्यांना सांगितलं. खरं म्हणजे विमानाला मी तिच्याहून जास्त घाबरत होते. जळगावहून सासूबाई मुलांना न्यायला आल्या. त्यांनी माझ्या हातावर दही ठेवलं, मग ल्हामोताईच्याही, आणि दोघींना एकदमच म्हणाल्या, "संभाळीसन जा वं पोरीसहो."

आखात

मुंबईहून सकाळी निघालेलं विमान आखातातल्या एका शहरात उतरलं. तिथे विमान बदलायचं होतं. विमानतळ असा चकचकीत की मी चपला काढून हातात घ्याव्यात की काय अशा विचारात पडले. ल्हामोताईने तिचा लांब तिबेटी झगा, चुपा, घातला होता आणि पट्ट्यांचा रंगीत एप्रन लावला होता. आईला भेटायला तिने तो नवीन शिवून घेतला होता.

पुढच्या विमानाच्या काउंटरवर एका तरुण अधिकाऱ्याने तिचं पिवळं पुस्तक उघडलं, मिटलं, पालथं केलं.

"हे कुठल्या देशाचं?"

"इंडिया," ती म्हणाली.

"पण हा इंडियाचा पासपोर्ट नाही. तू इंडियन आहेस?"

"तिबेटी."

"तो कुठला देश?"

मी मध्ये पडले. शाळेत साहेब तपासणीला आले की बोलते त्या इंग्रजीत मी सांगू लागले की हे अधिकृत आहे, व्हिसा आहे, आईला भेटायला चालली आहे. त्याने माझाही पासपोर्ट मागितला. शेवटच्या पानावरचा पत्ता तो बोट ठेवून वाचत होता. बोट थांबलं.

"सुरत?" तो म्हणाला. "प्लेग?"

आणि त्याने माझा पासपोर्ट दोन बोटांत धरून बाजूला ठेवला. जळगावच्या ओसरीवरच्या त्या कपांची मला आठवण झाली.

मी सांगितलं की प्लेग कधीच संपला, आता आमच्याकडे रस्ते इतके झाडतात की पूर्वी कधी झाडले नव्हते. उपयोग झाला नाही. आम्हाला एका बाजूच्या खोलीत बाकावर बसवलं. थोड्या वेळाने विमानतळाच्या दवाखान्यातली एक नर्स आली. केरळची होती. तिने माझ्या तोंडात थर्मामीटर घातला, जीभ बघितली, गळ्याखाली बोटांनी चाचपलं आणि 'ताई'ला आपला मल्याळी शब्द वापरून हळूच हिंदीत म्हणाली, "कुछ नहीं है, चेची. डरो मत." मग अधिकाऱ्याने येऊन निकाल सांगितला. मी पुढे जाऊ शकत होते. विमान लागलेलं होतं, घाई करावी. माझ्या मैत्रिणीला मात्र संध्याकाळच्या विमानाने मुंबईला परत पाठवण्यात येईल.

ल्हामोताईला तेवढं इंग्रजी कळत होतं. ती एप्रनच्या पट्ट्या बोटांनी सरळ करत राहिली. "तुम जाओ, वहिनी," ती म्हणाली. "साहब राह देखेगा."

मी उठले, पिशवी खांद्याला लावली, आणि परत बसले. लोक हे ऐकून माझं कौतुक करतात. ते खरं नाही. त्या लांबच लांब काचेच्या बोळातून एकटीने चालत जायचं माझ्याच्याने होईना. तिच्याशेजारी बसणं त्यापेक्षा सोपं होतं. काचेपलीकडे आमचं विमान हललं आणि गेलं.

दुपारी विमान कंपनीचा एक माणूस आमच्या सामानाचं विचारायला आला. पन्नाशीचा, कानांजवळ पिकलेला, कोट घडी करून हातावर टाकलेला. नाव नबील. त्याने टेबलावर पडलेलं पिवळं पुस्तक उचललं आणि तो तसाच उभा राहिला. मग त्याने आपल्या खिशातून एक पुस्तक काढून त्याच्याशेजारी ठेवलं. तेही पासपोर्ट नव्हतंच. तो पॅलेस्टाइनचा, म्हणजे त्याचे वडील तिथले. तो स्वतः लेबननमधल्या छावणीत जन्मला होता, आणि त्याच्या पुस्तकावर तो पॅलेस्टिनी निर्वासित असल्याचं लिहिलेलं होतं.

"तुमच्याकडे परतीचा शिक्का आहे?" त्याने ल्हामोताईला विचारलं. तिने पान काढून दाखवलं. त्याने ते दोनदा वाचलं. "आहे की! माझ्याकडे नव्हता. वडील गेले तेव्हा मी इथून निघालो असतो तर नोकरीवर परत येता आलं नसतं. गेलो नाही."

हे त्याने तक्रार केल्यासारखं सांगितलं नाही. आमच्याकडे एखादा म्हणतो ना, पूर आला म्हणून लग्नाला जाता आलं नाही, तसं.

मग तो कामाला लागला. त्याने त्या तरुण अधिकाऱ्याला बाहेर नेलं. काचेतून आम्हाला दोघांचे हात दिसत होते. अरबी लोक हातांनी बोलतात आणि ह्या बाबतीत ते आमच्या खान्देशी माणसांच्या जवळचे. त्याने फोन केले, झुरिकला विचारलं, तिकडून होकार आला. सूर्य कलला तेव्हा तो परतला, हातात एका तबकात चहाचे तीन ग्लास आणि खजूर. चहात दूध नव्हतं, पुदिना होता. "उद्या सकाळच्या विमानात दोघींना जागा आहे," तो म्हणाला. आणि ल्हामोताईला एक युक्ती शिकवली: "पुस्तक मिटलेलं कधी द्यायचं नाही. व्हिसाचं पान उघडून द्यायचं. माणूस आधी दार बघतो, मग घर कुणाचं ते विचारतो."

त्याला माझ्या पिशवीतली घारी दिली. सुरतेची ती तुपाने माखलेली मिठाई खाऊन तो म्हणाला की छावणीत त्याची आई असंच काहीतरी करायची. मग हसून म्हणाला, "सगळ्यांच्याच आया असंच काहीतरी करतात."

त्या बाकावर बसूनच ल्हामोताईने मला आपली हकीकत सांगितली. त्यापूर्वी मी विचारली नव्हती. तिबेटहून आल्यावर तिचे वडील हिमाचलात रस्ता फोडण्याच्या कामावर होते. दरड कोसळून गेले. पुढे स्वित्झर्लंडने काही तिबेटी कुटुंबं घ्यायची ठरवली तेव्हा आई, तान्ही बहीण यांगचेन आणि आठ-नऊ वर्षांची ल्हामो, अशा तिघींचं नाव लागलं. डॉक्टरांनी तपासलं. ल्हामोच्या छातीत डाग निघाला. ती बरी झाली की पुढच्या तुकडीबरोबर पाठवू, असं आईला सांगितलं गेलं. आई तान्हीला पाठीशी बांधून ट्रकमध्ये चढली. ल्हामो दवाखान्याच्या खिडकीत होती. पुढच्या तुकडीत तिचं नाव आलं नाही, त्याच्या पुढच्याही नाही. मग एका मावशीबरोबर ती मुंडगोडला गेली, जंगल तोडून मका लावला, लग्न झालं, मुलगा झाला.

"आई कधी आली नाही इकडे?"

"बहीण आया एक बार. अमा नहीं आया. दो बार टिकट लिया, दो बार बीमार हो गया."

दरीतलं गाव

झुरिकच्या तपासणीत ल्हामोताईने व्हिसाचं पान उघडून पुस्तक पुढे केलं. तिथल्या मुलीने शिक्का मारला आणि काहीतरी गोड बोलली. एवढंच! आम्ही दोघी जरा वेळ तिथेच उभ्या राहिलो, अजून काही विचारतील म्हणून.

बाहेर हे होते, आणि यांगचेन होती: आखूड केस, जीनची पँट, बहिणीच्या गळ्यात पडून रडू फुटलं तरी हातातलं पांढरं रेशमी उपरणं तिने सोडलं नाही. पाहुण्याच्या गळ्यात ते घालायची त्यांची रीत आहे, आपण हार घालतो तशी. माझ्याही गळ्यात एक पडलं. ल्हामोताईने माझा हात धरला तो सोडेना. "वहिनी, तुम साथ में चलो." ह्यांनी सुटकेस उचलून दिली आणि म्हणाले, "जा. मी रविवारी येतो." चार महिन्यांनी भेटलेला नवरा असा वाटेला लावला.

गाव एका हिरव्या दरीत होतं. हिरवं म्हणजे किती हिरवं हे सांगायला माझ्याकडे बारडोलीच्या उसाशिवाय दुसरं माप नाही; पण उसाच्या हिरव्यात उन्हाची धग असते, ह्यात ती नव्हती. गाईंच्या गळ्यात देवळातल्या असाव्यात एवढ्या घंटा. तिथल्या एका कारखान्याच्या वसाहतीत चौकोनी घरं, प्रत्येक गॅलरीत लाल फुलांच्या कुंड्या, आणि त्यातल्याच काही गॅलऱ्यांवर तिबेटी मंत्रांच्या पताका.

आई दारात नव्हती. आम्ही आत गेलो तर ती स्वयंपाकघरात पाठमोरी उभी राहून आधीच लख्ख असलेली ओट्याची फरशी पुसत होती. सत्तरीची बुटकी बाई, पांढऱ्या दोन वेण्या डोक्याभोवती गुंडाळलेल्या. ती वळली. ल्हामोताई वाकली, तिने उपरणं पुढे केलं. आईने ते घेतलं नाही. तिने मुलीचे दोन्ही खांदे धरून तिला पाठमोरी फिरवलं, पाठीवर हात सपाट ठेवला आणि तिबेटीत काहीतरी म्हणाली.

ल्हामोताई खोकली.

आई पुन्हा तेच म्हणाली. ती पुन्हा खोकली. मग आईने तिच्या पाठीला कान लावला, आणि तसाच लावून ठेवला. मी आणि यांगचेन बाहेरच्या खोलीत गेलो. बऱ्याच वेळाने आतून किटलीचा आवाज आला.

त्या बाईंना सगळे 'अमा-ला' म्हणत. मला वाटे, अमाला म्हणजे अमाला काहीतरी द्यायचंय. पण तो 'ला' आपल्या 'जी'सारखा मानाचा. मी नुसतं 'अमा' म्हणू लागले. त्यांना हिंदीचे तीनच शब्द येत होते, सगळे रस्त्याच्या कामावरचे: पत्थर, पानी, जल्दी. एवढ्यावर आमचं छान चालायचं. लोणी-मिठाचा चहा त्यांनी पहिल्यांदा दिला तेव्हा मी तो औषधासारखा एका घोटात संपवला. तिथेच चुकले. त्यांच्याकडे पेला रिकामा ठेवत नाहीत. पाहुण्याने घोट घेतला की भर. मी संपवत होते, त्या भरत होत्या. शेवटी ल्हामोताईला दया आली. "वहिनी, थोडा छोड दो!" आपल्याकडे ताटात टाकलं तर अपमान, तिथे पेल्यात ठेवला तरच सुटका.

मोमोंवर मात्र मी बाजी मारली. शाकाहारी म्हणून अमांनी माझ्यासाठी कोबी-बटाट्याचं सारण केलं. त्यांनी एक मोमो वळून दाखवला. मी मनात म्हटलं, हा तर मोदक. आणि कळ्या पाडत भराभर वळू लागले. अमांनी माझा एक मोमो तळहातावर घेऊन खिडकीपाशी नेला, उजेडात फिरवून बघितला, आणि यांगचेनला उद्देशून काही बोलल्या. यांगचेन तोंड वाकडं करून म्हणाली, "त्या म्हणतात, मुंबईच्या पलीकडून येऊन ही शिकली, तू तीस वर्षं इथे राहून काय शिकलीस?" मी आणलेला लसणाचा ठेचा अमांनी त्या मोमोला लावून खाल्ला, डोळ्यांत पाणी आलं, आणि म्हणाल्या, "जल्दी!" म्हणजे अजून वाढ.

तिथल्या पहिल्याच रविवारी एक घोटाळा झाला. मला रोज कपडे धुवायची सवय. सकाळी उन्ह पडलेलं पाहून मी माझी साडी आणि ल्हामोताईचा एप्रन धुऊन गॅलरीत वाळत घातला. थोड्याच वेळात खालच्या मजल्यावरच्या आजी काठी टेकत वर. लालबुंद झालेल्या. रविवारी कपडे वाळत घालायचे नसतात, त्या दिवशी दृष्टीलासुद्धा सुट्टी असते, असा तिथला नियम. मी घाबरून साडी ओढू लागले. अमा पुढे झाल्या आणि तिथल्या जर्मन बोलीत त्यांना असं काही बोलल्या की आजी आधी गप्प झाल्या आणि मग गॅलरीत येऊन साडीचा काठ बोटांनी चाचपू लागल्या. "काय सांगितलंत?" मी विचारलं. यांगचेन म्हणाली, "ते कपडे नाहीत, झेंडे आहेत असं." तेवढ्यात हे आले. आपल्याच कारखान्याच्या साडीभोवती सगळ्या बायका जमलेल्या पाहून ह्यांनी त्या आजींना ताणा आणि बाणा, म्हणजे उभा आणि आडवा धागा, समजावून सांगितला. त्या दुपारी आजीही जेवायला होत्या.

चढावर

पण सगळं काही हसण्यावारी जात नव्हतं. यांगचेनने मला एकदा स्टेशनपर्यंत सोबत बोलावलं आणि इंग्रजीत म्हणाली, "तुमचं ती ऐकते. तिला इथेच राहायला सांगा. मी वकिलाशी बोलले आहे. अमाकडे इथला लाल पासपोर्ट आहे, माझ्याकडे आहे. तिलाही मिळेल, वेळ लागेल पण मिळेल. त्या पिवळ्या पुस्तकावर ती पुन्हा कधी येऊ शकेल ह्याची खात्री कोण देणार? अमा किती वर्षं आहे?"

तिचं चुकत नव्हतं. आखातातला तो बाक मी पाहिला होता. परतताना मी मनाशी वाक्यं जुळवत होते. पण ल्हामोताईला काही सांगायच्या आतच तिने सांगून टाकलं, कारण बहिणीने तिलाही विचारलं होतं.

आम्ही तिघी, ती, मी आणि अमा, गावावरच्या चढाने फिरायला गेलो होतो. पिवळी रानफुलं उतरणीवर सांडलेली. अमा पाठीमागे हात बांधून पुढे चालत होत्या.

"मुंडगोड में आदमी है, लड़का है," ल्हामोताई मला म्हणाली. "मका है. मैं इधर बैठ के पासपोर्ट का राह देखेगा, लड़का उधर माँ का राह देखेगा. ये तो एक बार हो गया ना, वहिनी."

माझी जुळवलेली वाक्यं तिथेच राहिली.

अमा थांबल्या होत्या. त्या एका बाकावर बसल्या आणि बोलू लागल्या. मला शब्द कळत नव्हते. त्या खाली दरीकडे बघून बोलत होत्या, सरळ, न थांबता, एखादी पाठ केलेली गोष्ट म्हणावी तशा. ल्हामोताई त्यांच्या पायाशी गवतात बसली. एकदा तिने आईच्या गुडघ्यावर हात ठेवून तिला थांबवलं. आईने तो हात बाजूला केला आणि पुढे बोलत राहिली. मी जरा दूर जाऊन गाईंकडे बघत उभी राहिले.

काय बोलणं झालं ते मला ल्हामोताईने दुसऱ्या दिवशी भांडी पुसताना सांगितलं. ट्रक सुरू झाल्यावर आईने उतरायचा प्रयत्न केला होता. एक पाय खाली टाकलाही होता. पण पाठीवरची तान्ही रडली आणि कुणीतरी म्हणालं की उतरलीस तर दोन्ही मुलींना उपाशी मारशील. आई परत वर बसली. त्यानंतर तिकीट काढलं की प्रत्येक वेळी तिला ताप भरे, कारण भारतात गेलं की मुलगी विचारणार, का बसलीस?

"तू विचारणार होतीस?"

"छोटा था तब रोज पूछता था, मन में." तिने ताटली पुसून ठेवली. "फिर मेरा लड़का हुआ. फिर नहीं पूछा."

निघायच्या आदल्या दिवशी अमा आम्हाला मोठ्या दुकानात घेऊन गेल्या. मुलीला काय हवं? ल्हामोताई स्वेटरांच्या विभागात शिरली, प्रत्येकाची शिवण बघितली, ताणून पाहिलं, आणि तुच्छतेने म्हणाली, "लुधियाना अच्छा है." अमांना अर्थ सांगितल्यावर त्या दुकानाच्या मधोमध इतक्या हसल्या की त्यांना टेकायला खुर्ची आणावी लागली.

विमानतळावर त्या रडल्या नाहीत. मुलीच्या पाठीवर त्यांनी पुन्हा एकदा तळहात ठेवला आणि म्हणाल्या, "जल्दी."

पुन्हा सुरत

परतीच्या वाटेवर आखातात नबील कुठे दिसला नाही. आम्ही त्याच्यासाठी आणलेलं चॉकलेट त्याच्या सोबत्यापाशी ठेवलं. मुंबईत ल्हामोताईच्या शिक्क्याकडे साहेबांनी बराच वेळ बघितलं आणि तिला आत घेतलं. ती तशीच मुंडगोडच्या गाडीकडे गेली. पेरणी जवळ आली होती.

त्या वर्षी दिवाळीनंतर खालच्या खोलीचं कुलूप निघालं तेव्हा धुपाबरोबर लोण्याच्या चहाचाही वास आला. मी धावतच खाली उतरले. दारात अमा बसल्या होत्या, हाताने वारा घेत, त्यांच्या लाल पासपोर्टावर, एकटीने विमान बदलून आलेल्या. ह्या खेपेला ताप भरला नाही का, असं मी ल्हामोताईला विचारलं. "भर गया था," ती म्हणाली. "बुखार में आ गया." आमचा नोव्हेंबर बघून अमांचा पहिला प्रश्न होता की ह्या उकाड्यात स्वेटर घेतं कोण? मग त्या रोज चौकात मुलीशेजारी बसू लागल्या आणि गिऱ्हाईक घासाघीस करू लागलं की त्याला जर्मनमध्ये झापू लागल्या. मला वाटतं, त्यामुळे विक्री वाढली.

यांगचेनला त्यांनी कळवून टाकलं की आता जायचं नाही. मुंडगोडला राहायचं. पण लाल पासपोर्टवाल्या बाईला भारतात जास्त राहायचं तर पोलीस कचेरीत परदेशी म्हणून नाव नोंदवावं लागतं. ल्हामोताईला ती खिडकी पाठ होती. मुंडगोड सोडून कुठेही गेलं की तिलाही तिथे हजेरी लावावी लागे. दोघींना घेऊन मीही गेले, बोलायला लागलं तर असावं म्हणून.

रांगेत बरेच लोक होते. अमांनी चुपा घातला होता, ल्हामोताईनेही. खिडकीतल्या कारकुनाने एका हातात पिवळं पुस्तक घेतलं, दुसऱ्या हातात लाल. एकदा ह्या फोटोकडे बघितलं, एकदा त्या. दोन पुस्तकं, दोन देश, त्यातला एक तर देशच नाही. त्याचा गोंधळ झाला. त्याने चष्मा वर करून ल्हामोताईला विचारलं, "आ माजी तमारां शुं थाय?" ह्या आजी तुमच्या कोण?

मी उत्तर द्यायला पुढे सरकले. त्याची गरज पडली नाही.

"मारी बा छे," ल्हामोताई म्हणाली, माझी आई आहे, आणि एवढ्या मोठ्याने म्हणाली की मागची सगळी रांग बघायला लागली.